भिंतीतला वारा

भिंतीला कान असतात म्हणतात. आमच्या मिस्त्रींचाच कान भिंतीला लागलेला असे. बोटांच्या पेरांनी टकटक करायचे, डोळे मिटायचे आणि म्हणायचे, "आधी ऐका साहेब, मग बोला."

कंधारच्या रस्त्यावर निजामाच्या काळातल्या एका जहागीरदाराची कोठी आहे. शहरातल्या धबडग्यातून चार दिवस सुटका म्हणून बांधलेली. दोन-दोन हात जाड चुन्याच्या भिंती, उंच कमानी, एकही तुळई नसलेलं गोल छत! तिचं हॉटेल होत होतं आणि देखरेखीला मी होतो. म्हणजे तुमच्यासारखाच बघ्या, फक्त पगारी.

मालकांना दिवाणखान्याची पश्चिमेची भिंत पाडून काचेचं दार हवं होतं. मिस्त्रींनी टकटक केली. भिंत पोकळ वाजली. मी लगेच शहाणपणा केला, "पोकळच आहे ना? मग सोमवारी पाडून टाकू."

म्हातारा भडकला. "पोकळ काय म्हणून राहिलात! नळी हाय ती, वरचा वारा खाली आणायची. ही पाडली तर कोठीचा जीव जाईल."

"आणि वारा आलाच नाही तर?" मालक म्हणाले.

"तर ही थापी कंधारच्या तळ्यात फेकतो. पुन्हा कामाला हात लावणार न्हाई."

बापाकडून आलेली थापी होती ती.

मिस्त्रींनी भिंतीच्या पायथ्याचं प्लास्टर खरवडलं. आत दगडी जाळी! कुणीतरी उंदरांच्या भीतीनं बुजवलेली. तिच्यासमोर त्यांनी उदबत्ती लावली. धूर सरळ वर चालला. "धुरावर नजर ठेवा," असं मला बजावून ते मे महिन्याच्या उन्हात गच्चीवर गेले.

नळीच्या तोंडावर कुणीतरी पाऊस आत येऊ नये म्हणून सिमेंट ओतलं होतं. घणाचे घाव ऐकू येऊ लागले. भिंतीतून माती सळसळत खाली आली. मग धूर हलला. वाकला. थेट माझ्या तोंडावर आला! आणि त्याच्यामागून गार वारा!

"मिस्त्री, आला! वारा आला!" मी पोरासारखा ओरडत सुटलो. मालकांनी तर मला मिठीच मारली. मिस्त्री खाली आले, जाळीला पाठ लावून बसले, शर्टाची बटणं सोडली आणि म्हणाले, "हां, आता बोला साहेब."

हॉटेल झोकात चाललंय, भिंतही जागेवर आहे. मिस्त्री मागच्या उन्हाळ्यात गेले. फार आठवण येते त्यांची. मे लागला की मी तिथं जाऊन जाळीसमोर उदबत्ती लावतो. वेटरांना वाटतं, साहेब देवभोळे आहेत. हात जोडायचं मला सुचतही नाही. मी नुसता धूर वाकायची वाट बघत बसतो.