टेकूंमधली माहेरवाशीण

आईने माझी ओटी मिरजेच्या फलाटावर भरली. सांगलीच्या घरातून निघताना घाईत ते राहूनच गेलं होतं आणि अर्ध्या वाटेत तिच्या लक्षात आलं. मग फलाटावर ट्रंकेचाच पाट झाला. हमाल, चहावाले आणि कुणाकुणाची पोरं बघत असताना तिने मला पूर्वेला तोंड करून बसवलं आणि पदरात तांदूळ, नारळ नि हिरवा खण घातला. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. कलकत्त्यात जमिनीखालून रेल्वे न्यायचं काम सुरू झालं होतं आणि यांची बदली त्या कामावर झाली होती. वडिलांना ती कल्पनाच पटत नव्हती. "वर जागा संपली का?" असं ते जावयाला शिट्टी होईपर्यंत विचारत राहिले. आईची चौकशी वेगळी होती. "नदी आहे ना त्या गावाला?" आहे म्हटल्यावर तिचा जीव भांड्यात पडला. "मग झालं. ज्या गावाला नदी आहे तिथे माणूस फार दिवस परकं राहत नाही." गाडी हलली तेव्हा मी "येते" म्हणाले आणि आई तोंडाला पदर लावून "ये" म्हणाली.

सांगलीत राहिलेल्या माझ्या बहिणींना कलकत्ता म्हणजे गर्दी, घाम आणि मासे, एवढंच वाटतं. नवऱ्याच्या बदलीमागे ट्रंका बांधत फिरलेल्या माझ्या मैत्रिणींना प्रत्येक गाव म्हणजे एक सरकारी क्वार्टर. त्यांच्यापैकी कुणालाच मी कधी नीट सांगितलं नाही, ते आता सांगते.

बाकीची मराठी मंडळी, म्हणजे बँकांतली नि सरकारी कचेऱ्यांतली, शहराच्या दक्षिणेला राहत. आम्ही मात्र कामाच्या जवळ म्हणून उत्तरेला, शोभाबाजारच्या बाजूला, एका जुन्या हवेलीच्या वरच्या मजल्यावर बिऱ्हाड केलं. "तिकडे कुठे जाऊन पडलात?" असं हळदीकुंकवाला बायका विचारायच्या. मी काय सांगणार? पहिल्या दुपारी मी त्या लाल गुळगुळीत जमिनीवर आडवी झाले. ती जमीन माठासारखी गार होती. हिरव्या खिडक्यांना आडव्या फळ्या होत्या. तिकडे त्यांना खडखडी म्हणतात. त्या फळ्यांतून येणारं ऊन माझ्या पातळावर पट्टेपट्टे काढत होतं. खाली ट्राम जायची, आणि ती गेल्यावरही घर थोडा वेळ हलकेच थरथरत राहायचं. मला वाटलं, आपण घरात नाही, नांगरलेल्या जहाजात आहोत. त्या दुपारनंतर मी दक्षिणेकडे जायचं नाव काढलं नाही.

त्या भागात रस्त्याला लागून असली घरं एकाला एक खेटून उभी होती. कुणाच्या गच्चीवर दगडी पऱ्या, कुणाच्या सज्ज्याला बिडाची नक्षी, आणि त्या नक्षीवर वाळत घातलेली लुंगी. विलायती खांबांच्या दारावर होमिओपॅथीची पाटी. भिंतींवर पाच-सात वर्षांपूर्वीच्या घोषणा रंगवलेल्या होत्या, त्यांवर नव्या घोषणा, आणि सगळ्यांवर पिंपळाचं एखादं रोप. संध्याकाळी वीज गेली की सगळी रांग कंदिलाच्या उजेडात एकदम शंभर वर्षं मागे जायची. आणि काही महिन्यांत या सगळ्याच्या पुढ्यात आमच्या ह्यांचा खड्डा! सबंध रस्ता उभा चिरलेला, लोखंडी पत्रे ठोकलेले, वर लाकडी फळ्यांचे पूल. ट्राम दुसरीकडून वळवलेल्या. दमट धूळ खडखडीच्या फटींतून येऊन भातावर बसायची. जेवताना मी म्हणायची, "घ्या, तुमचंच काम आहे, थोडं तुम्हीही खा."

घर होतं पिशीमांचं. म्हणजे कागदोपत्री त्यांच्या भाच्याचं. पिशीमा म्हणजे बंगालीत आत्या. लग्नानंतर वर्षाच्या आत विधवा होऊन त्या बापाच्या घरी परत आल्या होत्या, आणि आता सत्तरीला टेकल्या होत्या. भाचा बायकोला घेऊन दक्षिणेतल्या नव्या फ्लॅटमध्ये गेला होता आणि ही जुनी धर्मशाळा विकून टाकावी असं त्याच्या मनात होतं. आडवं येत होतं ते अंगणातलं ठाकुरदालान, म्हणजे पाच कमानींचा पूजेचा दिवाणखाना. तिथे दरसाल घरची दुर्गापूजा व्हायची. पूजा चालू आहे तोवर घर विकायचं नाही, असा पिशीमांच्या वडिलांचा शब्द होता. भाचा तेवढा शब्द पाळत होता. एकदा पूजा चुकली की तो सुटला, आणि पिशीमा फ्लॅटमधल्या एका खोलीत जाणार. हे सगळ्यांना ठाऊक होतं, कुणी बोलत नव्हतं.

खड्डा आमच्या दारापर्यंत आला तेव्हा दालानाच्या डावीकडच्या खांबात बारीक तडा दिसला. जुना असेल, नवा असेल, कोण सांगणार? ह्यांच्या माणसांनी येऊन त्यावर आडवी काचेची पट्टी चुन्याने चिकटवली. तडा वाढला तर काच फुटणार, अशी साधी युक्ती. काच शाबूत तोवर घर शाबूत. फुटली तर दालानात कुणी पाऊल टाकायचं नाही.

झालं! पिशीमांच्या घरात आणखी एक देव वाढला. सकाळी अंघोळ करून आल्या की त्या पदराच्या टोकाने काच पुसायच्या, नमस्कार करायच्या आणि चंदनाचा ठिपका लावायच्या. हे करवादायचे, "तडा गंधाने झाकू नका हो!" मग पिशीमा गंध काचेच्या कडेला लावू लागल्या आणि पट्टीपाशी एक जास्वंदीचं फूल. मीही जिना उतरताना तिकडे बघितल्याशिवाय पुढे जायची नाही. माझा नवरा दिवसभर बाहेर खणायचा आणि घरात आम्ही दोघी त्या खणण्यापासून घर वाचावं म्हणून काचेला हात जोडायचो. याला म्हणतात संसार.

पावसाळ्यात मूर्तिकार आला. या घरांत देवीची मूर्ती विकत आणत नाहीत, दालानातच घडवतात. आधी बांबू आणि गवत बांधलं, मग त्यावर गंगेची माती चढली. दुपारी सगळीकडे सामसूम असताना मी पायरीवर बसून बघत राहायची. ओल्या मातीचा वास यायचा आणि मला कृष्णेचा घाट आठवायचा. आई म्हणाली होती ते खरं होऊ लागलं होतं. दहा हात फुटले, सिंह उभा राहिला, मान वळली. चेहऱ्याला अजून डोळे नव्हते. त्या अर्ध्या अंधारात ती बिनडोळ्यांची देवी स्वप्नात असल्यासारखी दिसायची आणि बघता बघता मलाही तशीच गुंगी यायची.

आणि अशात एका सकाळी काच फुटली. आवाज बिवाज काही नाही. मधोमध एक केसाएवढी रेघ, बस्स. पिशीमांनी पदर तिच्यावर ठेवला आणि तसाच दाबून धरला, जखमेवर धरतात तसा.

हे आले, त्यांनी बघितलं, आणि दालानापुढे दोर बांधायला सांगितला. भाचाही आला. माणूस वाईट नव्हता, उगाच का खोटं बोला. त्याने आत्याला समजावलं की यंदा मूर्ती राहू दे, नुसता कलश पूजू, तोही फ्लॅटमध्ये. ओली मूर्ती हलवली तर मोडेल आणि छप्पर खाली आलं तर माणसं मरतील. एकही शब्द चुकीचा नव्हता. पिशीमांनी सगळं ऐकून घेतलं आणि त्या माझ्या नवऱ्याकडे वळून म्हणाल्या, "मेये बापेर बाडी आसबे ना?" मुलगी बापाच्या घरी यायची नाही का?

दुर्गा म्हणजे त्यांच्याकडे वर्षातून एकदा माहेरी येणारी लेक. पोरंबाळं घेऊन येते, चार दिवस राहते, दशमीला परत कैलासाला सासरी जाते. हे आम्हाला माहीत होतं. पण विचारणारी बाई स्वतः याच घरी परत आलेली लेक होती. देवीच्या नावाने ती स्वतःचंच विचारत होती. हे दोराबाहेर उभे राहून खांबाकडे, कमानीकडे, छताकडे बघत राहिले. मी हाक मारली तरी जेवायला आले नाहीत.

दुसऱ्या दिवशी खड्ड्यावरची माणसं खांद्यावर सालवृक्षाचे जाड ओंडके घेऊन अंगणात आली. ह्यांनी वरिष्ठांना गाठून परवानगी आणली होती. ज्या लाकडांनी रस्त्याच्या चिरलेल्या कडा तोलून धरल्या होत्या, त्यांतलीच ही लाकडं. डावीकडच्या दोन कमानी टेकू देऊन उचलून धरल्या, खांबाला चारी बाजूंनी आवळलं. नवी काच लावली. मग हे स्वतः दोन दिवस त्या कमानींखाली खुर्ची टाकून बसले, कागदपत्रंही तिथेच मागवली. तिसऱ्या दिवशी म्हणाले, "आता येऊ द्या तिला."

मूर्तिकाराने टेकूंमधून वाकून ये-जा करत काम पुरं केलं. महालयाला, म्हणजे सर्वपित्री अमावास्येला, देवीचे डोळे रंगवले. पण ते ओबडधोबड ओंडके! पिशीमांना ते बघवेनात. त्या मला वर घेऊन गेल्या, एक पेटी उघडली. आत त्यांच्या लग्नातली बनारसी पातळं होती. लाल, किरमिजी, जरीची, पन्नासहून जास्त वर्षं घडी न मोडलेली. विधवेने ती नेसायची नाहीत, टाकवतही नाहीत. आम्ही दोघींनी ती टेकूंना गुंडाळली. घडीवर काही ठिकाणी जर तुटत होती. मला रडू येत होतं आणि पिशीमा मात्र मजेत होत्या. एका ओंडक्याला पदर काढून दिला त्यांनी! त्या वर्षी देवी बनारसी नेसलेल्या सालवृक्षांच्या रानात उभी असल्यासारखी दिसली. शेजारपाजारचे लोक तिला बघायला मुद्दाम आले.

दशमीला देवीची पाठवणी सवाष्णींनी करायची असते. भाचेसून रुसून आली नव्हती. पिशीमांनी तबक माझ्या हातात दिलं. "जाओ बौमा." जा सूनबाई. मला त्यांची रीत ठाऊक नव्हती, भटजी घाई करत होते, सगळी गल्ली बघत होती. मी स्टुलावर चढले आणि घाबरून माझ्या हातांना जे येत होतं तेच त्या हातांनी केलं. वर पळत जाऊन नारळ, तांदूळ आणि आईचा तो हिरवा खण आधीच घेऊन आले होते, का ते मलाही सांगता आलं नसतं. मी देवीची ओटी भरली. बायका हसल्या. हे काय चाललंय? मी मोडक्या बंगालीत सांगितलं, आमच्याकडे लेक माहेराहून निघाली की असं करतात, रिकाम्या पदराने पाठवत नाहीत. हसणं थांबलं. पिशीमा पुढे आल्या आणि देवीच्या पदरातला तो खण त्यांनी नीट केला. तो कृष्णाकाठचा खण त्या संध्याकाळी गंगेत गेला.

पुढल्या वर्षी बदलीची ऑर्डर आली. निघायच्या दिवशी पिशीमा कुठे दिसेनात. शोधलं तर दालानात टेकूआड उभ्या. निघणाऱ्या माणसासमोर विधवेने येऊ नये, हे त्यांच्याकडेही होतं. सांगलीतही होतं. आईने मला लहानपणापासून हेच शिकवलं होतं, आणि विधवेने ओटी भरणं तर सोडाच. मी पिशीमांना हाताला धरून ओढत आणलं, तबक त्यांच्यापुढे ठेवलं, आणि दालानाच्या पायरीवर पदर पसरून बसले. त्या नाही नाही म्हणत राहिल्या. मी उठलेच नाही. शेवटी त्यांनी तांदूळ घातले, नारळ ठेवला. खण नव्हता. मग त्यांनी टेकूवरच्या बनारसीचा एक तुकडा फाडला आणि माझ्या ओटीत घातला. मी म्हणाले, "येते." त्यांच्याकडेही जाते म्हणत नाहीत. त्या म्हणाल्या, "एशो." ये.

मी परत गेले नाही. आज-उद्या करता करता आई गेली, पिशीमा गेल्या, पुण्यात फ्लॅट झाला, मग हेही गेले. मुलाला काही कामासाठी कलकत्त्याजवळच्या न्यू टाउनला जायचं होतं, म्हणून हट्टाने त्याच्याबरोबर निघाले. त्या नव्या गावात सगळी काच! इमारतीच्या इमारती काचेच्या. पिशीमा असत्या तर पुसता पुसता दमल्या असत्या.

शोभाबाजारला आमची हवेली नव्हती. तिच्या जागी सात मजली इमारत, खाली मोबाइलचं दुकान. पिशीमांच्या नंतर पूजा बंद झाली आणि भाच्याच्या मुलांनी घर विकलं. त्यांचं तरी काय चुकलं? शेजारच्याही दोन हवेल्या गेल्या होत्या, एकीची फक्त कमान राहिली होती आणि तिच्यात स्कूटर लावलेली. ज्या घराला आम्ही खालून पडू दिलं नाही, ते वरून पाडलं. मी रस्त्यावर उभी राहून ओरडून रडले असते, पण मुलगा संकोचला असता.

मग म्हटलं, मेट्रोत बसवून आण मला. गाडी गार होती, स्वच्छ होती, आणि कुणाला काही विशेष वाटत नव्हतं. हे एकदा कागदावर रेघ ओढून मला म्हणाले होते, "शोभाबाजार सोडलं की लगेच, उजव्या हाताला, वर." गाडी सुटल्याबरोबर मी उजवीकडे वर बघितलं. काळी भिंत, दिव्यांच्या रेघा. त्या अंधारात मला कमानी दिसल्या, बनारसी दिसली, आणि दोराबाहेर न जेवता उभा असलेला माझा नवरा दिसला. मी पदर सावरून हात जोडले आणि "येते" म्हणाले.

शेजारच्या मुलीने वाकून विचारलं, "माशीमा, कोथाय नामबेन?" मावशी, कुठे उतरणार?

माझं बंगाली आता गंजलं आहे. तरी सांगितलं तिला, "उतरायचं नाही गं. माझं माहेर आत्ताच गेलं, वरून."