सत्तावन्न

मनोऱ्यावरचं घड्याळ बारा वर्षं बंद होतं. घड्याळजीने ते तीन महिने खपून दुरुस्त केलं, आणि ऐकायला सगळं गाव चौकात लोटलं. नगराध्यक्षांनी फीत कापली. बरोबर अकरा वाजता पहिला टोल पडला. टाळ्या झाल्या. अकरावा पडला, पुन्हा टाळ्या. मग बारावा पडला. तेरावा. विसाव्याला हशा सुरू झाला. घड्याळजी जिन्याकडे धावला, पण वर पोचेपर्यंत टोल चालवणारं लोंबतं वजन तळाला टेकून घड्याळ आपणच गप्प झालं होतं. खाली पोरांनी मोजलं होतं: सत्तावन्न.

दोन दिवसांत त्याने ते ठीक केलं. पण गावाला शब्द सापडला होता. भाषण फसलं, सत्तावन्न झालं. भात करपला, सत्तावन्न.

"दुकान दुसऱ्या गावी हलवू या का?" बायकोने विचारलं.

"आणि हे घड्याळ कोण बघणार?" तो म्हणाला. रोज मान खाली घालून तो चौक ओलांडायचा, जिना चढायचा, चावी द्यायचा.

सात-आठ वर्षांनी मुलगी परीक्षेहून आली आणि दप्तर फेकून म्हणाली, "बाबा, गणिताचं पार सत्तावन्न झालं!" लगेच तिने जीभ चावली. घड्याळजी तिच्याकडे बघत राहिला आणि एकदम खो खो हसत सुटला. बायको स्वयंपाकघरातून बाहेर आली, तर बापलेक दोघंही डोळे पुसत होते.

तो म्हातारा झाल्यावर बोलीतले शब्द गोळा करणाऱ्या एक बाई दुकानात आल्या. "काका, लढाईतून सत्तावन्न शिपाई पळाले, त्यावरून हा शब्द आला म्हणतात. खरं का?"

"छे हो! शिपाई कुठले? मी पळालो होतो, तेही जिन्यावरून वर." त्याने सगळं सांगितलं. टोल थांबवणारा खटका त्याने पाव इंच आखूड घासला होता.

बाईंनी भराभर लिहून घेतलं. "अर्थ असा लिहिलाय: चारचौघांत झालेली मोठी फजिती. चालेल?"

घड्याळजीने भिंग डोळ्यावरून काढलं. "चालेल. फक्त कंसात 'नंतर दुरुस्त झाली' एवढं घाला."

"शब्दाच्या अर्थात ते बसत नाही, काका."

"बरं, मग राहू द्या," तो म्हणाला आणि त्यांच्यासाठी खुर्ची पुढे ओढली. "बसा, चहा घेऊन जा."