येसाजीकाकांचं दार शेवटी

कुडपणच्या येसाजीकाकांनी बारा वर्षं बोटीवर काढली. पोलंडच्या बंदरात बोट बर्फात अडकली तेव्हा घेतलेला जाड काळा कोट ते चैत्राच्या उन्हातसुद्धा मिरवायचे. घरची एवढी शेतीवाडी, पण परत आल्यावर नाद कसला लागला? खालूबाजाचा! सनई, ढोल, टिमकी. पोरं डीजे मागायला लागली, तशी काकांनी आम्हा वाजवणाऱ्यांना आपली पडवी दिली, दोन वेळचं जेवण दिलं, आणि शिव्या तर पोटभर. माझ्या हातात सनई त्यांनीच दिली. मी दत्ताराम, त्यांच्या तोंडी कायम दत्या.

यंदा शिमग्याच्या तोंडावर काका अंथरुणाला खिळले. आमचे धाबे दणाणले. भावकीत कुणी गेला की अख्ख्या वाडीला सुतक, शिमग्यात घरोघर फिरणारी देवाची पालखी देवळातून हलत नाय. मुंबईची पोरं तर रजा काढून आलेली. पालखीचा पहिला मान काकांच्या घराचा. मी म्हटलं, "काका, उद्या सकाळीच आणतो. डोळे भरून बघा."

"गाढवा, माझं दार शेवटी घ्या," काका म्हणाले. "एकदा देवाला बघितलं की मी थांबायचा नाय. आधी सगळी घरं करा."

आजोबा-पणजोबांपासूनचा मान असा सोडून दिला माणसानं! बाहेर येऊन मी रडलो.

तीन दिवस आम्ही घरोघर वाजवत फिरलो. जीव सगळा काकांच्या घराकडे. तिसऱ्या दिवशी दुपारी पालखी त्यांच्या अंगणात आली. रंगूकाकींनी नवऱ्याला कोट घालून ओटीवर बसवलेलं, पाठीला स्वतःचा खांदा दिलेला. सुनेनं, अनुपमानं, पालखी ओवाळली. मी जीव ओतून वाजवलं. काकांनी एकदा मान डोलावली, मग ती काकींच्या खांद्यावर टेकली. दमले असतील, मला वाटलं. काकींच्या डोळ्यांना धार लागलेली, पण बाई हूं की चूं करीना. हातानंच खुणावलं, न्या पालखी.

पालखी देवळात बसवून मी धावत परत आलो. काकी तशाच बसलेल्या, काकांना धरून.

"देव जाग्यावर बसला का रे?"

"बसला, काकी."

"मग आता मला रडू दे," त्या म्हणाल्या.