खाचेत बसेल तेवढीच तार

"काका, अब्बा गेले," एवढंच रशीदभाईंची मुलगी शबाना फोनवर म्हणाली. मी वणीच्या बाजारात कोथिंबिरीची जुडी हातात धरून उभा होतो. तीनच दिवसांपूर्वी त्यांना भेटून आलो होतो. बोटांत जोर उरला नव्हता, तरी गिटार उशाशी होती. निघताना म्हणाले, "सर, पुढच्या खेपेला गाण्याची वही घेऊन जा. आता नोका नेऊ, एक जागा पाहून राह्यलो अजून." कोणती जागा ते मी विचारलं नाही. विचारायला हवं होतं...

रशीदभाईंचं मोटार वाइंडिंगचं, म्हणजे जळालेल्या मोटारीत नवी तार भरायचं दुकान होतं, मागेच घर. शेतातले पंप, खाणीकडचे मोठे पंखे आणि उन्हाळा लागला की सगळ्या गावाचे कुलर. मी कॉलेजात फिजिक्स शिकवायचो. जळालेली कुलरची मोटार घेऊन गेलो, तर मागच्या खोलीतून गिटार ऐकू आली. लग्नाच्या ऑर्केस्ट्रात वाजवून वाजवून तयार झालेला हात. माझ्याकडे पुण्याहून आणलेल्या जॅझच्या कॅसेटी होत्या, जाडजूड पुस्तकं होती आणि त्याहून जाडजूड मतं होती. त्या दिवसापासून माझी संध्याकाळ त्या दुकानातच जाऊ लागली. बायको म्हणायची, तिथंच एक खाट टाकून घ्या.

एकट्या गिटारवर अख्खं गाणं वाजवायचं, हे आमचं वेड. अंगठ्यानं खालच्या सुरांची चाल धरायची, पातळ तारांवर गाण्याची चाल वाजवायची आणि मधल्या जागेत कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणारे तीन-चार सूर, भरायच्या. खरी गंमत कॉर्ड बदलण्यात असते. चालीचा सूर तोच ठेवून त्याच्याखाली दुसरी कॉर्ड ठेवली, की हसणारा सूर एकदम उदास होतो. मला ती गंमत फार. जिथं तिथं बदलायचो. रशीदभाई कानावर पेन्सिल ठेवून ऐकायचे आणि हातातल्या मोटारीकडे बोट दाखवायचे, "सर, खाचेत बसंल तेवढीच तार भरा लागते. जास्तीची कोंबली तं जळते." मला तेव्हा हे मिस्त्रीचं बोलणं वाटायचं.

जुबेदाभाभी, म्हणजे रशीदभाईंची बायको, तुरीची डाळ निवडताना एक चाल गुणगुणायच्या. मारेगावला त्यांची अम्मी कापूस वेचताना ती गायची. शब्द भाभींना आठवत नव्हते. अम्मीचा एक फोटोसुद्धा घरात नव्हता, ती चाल तेवढी उरली होती. रशीदभाईंना ती गिटारवर बसवायची होती आणि मी हौसेनं पुढे झालो. महिनाभर खपून अशी मांडणी केली की एक कॉर्ड साधी राहू दिली नाही. वाचनालयाच्या वार्षिक कार्यक्रमात रशीदभाईंनी ती वाजवली. टाळ्या पडल्या. मी तर कॉलर ताठ करून बसलो होतो. घरी आल्यावर भाभींनी चहा ठेवला आणि सहज विचारलं, "सारं चांगलं झालं. पण अम्मीचं गाणं काहून नाई वाजोलं?"

रशीदभाईंनी मी कॉर्ड लिहिलेली वही उघडली. ती चाळत म्हणाले, "काढू या, सर, बऱ्याच कॉर्ड." आणि मी म्हणालो, "भाभींना जॅझ कळत नाही, म्हणून आपण आपलं काम बिघडवायचं?" भाभी तिथंच होत्या, हातात कपबशी घेऊन. रशीदभाईंचा आवाज चढला नाही. "तुमाले कळते ना सारं? मंग हे सांगा, गाणं कोणाचं हाये?" मी चहा न घेता उठलो. पुढचे पाच महिने त्या गल्लीतून गेलो नाही. माझंच चुकलं होतं हे पहिल्या आठवड्यातच कळलं होतं, पण पाय निघत नव्हता. शेवटी पोळ्याच्या दिवशी गेलो. रशीदभाईंनी स्टूल पुढे सरकवलं, "बसा," म्हणाले आणि तारा जुळवू लागले. भाभींनी चहा आणला, त्यात साखर नेहमीसारखीच जास्त होती. त्या दिवसाचा विषय आमच्यात पुन्हा निघाला नाही.

तोवर त्यांनी स्वतःची एक पद्धत काढली होती. भाभी आत डाळ निवडत बसल्या की हे बाहेर ती चाल वाजवायचे. भाभी आपसूक गुणगुणायच्या. ज्या कॉर्डला त्यांचं गुणगुणणं अडखळलं, तिच्यावर वहीत काट. इथं परीक्षा चालली आहे आणि आपणच परीक्षक आहोत, हे भाभींना ठाऊकच नव्हतं. अशी वर्षं गेली. माझ्या कॉर्ड एकेक करून गळत गेल्या असणार. वही मी कधी मागितली नाही. खरं सांगायचं तर, पाहायची भीती वाटायची. आपलं त्यात काहीच उरलं नसेल तर?

परवा त्यांच्या घरी गेलो. भाभी इद्दतीत, म्हणजे नवऱ्यामागच्या एकांतवासात आहेत, म्हणून पडद्याआडूनच बोलल्या. शबानानं वही आणून दिली. पानोपानी काट. माझ्या सुंदर अक्षरातल्या कॉर्ड आणि त्यावर त्यांची जाड पेन्सिल. वाचत शेवटच्या ओळीपर्यंत आलो. तिथं माझी एक कॉर्ड होती, सगळ्यात उदास. तिच्यावरही काट होती, पण खोडरबरानं पुसलेली. कागद तिथं झिजून पातळ झाला होता. शेजारी जोर नसलेल्या बोटांनी लिहिलेलं होतं, "सरची. जुबेदा थांबली नाही. राहू दे."

मी ती ओळ पुन्हा वाचू लागलो. तेवढ्यात आतून भाभी म्हणाल्या, "सर, एक डाव वाजवा. हळूच." शबानानं गिटार आणून दिली. पोळ्याला त्यांनी पुढे सरकवलेल्या त्याच स्टुलावर बसून मी वहीत होतं तसं वाजवू लागलो. आत ताटात डाळ सरकवल्याचा आवाज आला, मग गुणगुणणं. चाल इतकी मोकळी मी कधी वाजवली नव्हती. शेवटची ओळ आली, ती कॉर्ड आली, आणि भाभींचा आवाज न अडखळता तिच्यावरून पुढे गेला. थांबलो मी.

"काहून थांबले, सर?" पडद्याआडून आवाज आला. "अम्मीचं पुरं करा ना."