आत्यानं कानात सांगायचं नाव

मायरा. भावानं हे नाव मला फोनवर सांगितलं तेव्हा मी शाळेच्या स्टाफरूममध्ये नववीच्या वह्या तपासत होते. माझ्या तोंडून पहिलं वाक्य निघालं ते असं, "हे काय, खोकल्याच्या औषधाचं नाव आहे का?" भाऊ हसला नाही. "ताई, ठरलंय आमचं," म्हणाला. "तू फक्त रविवारी ये आणि कानात सांग."

फक्त ये आणि कानात सांग. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. पुढच्या तीन-चार वह्यांमध्ये मी जरा जास्तच लाल रेघा मारल्या असाव्यात.

बाळाचं नाव ठेवायचा मान आत्याचा. सगळे नुसतं म्हणतात तसं नाही, आमच्या घरात तो खरोखर पाळला जातो. आम्ही दीक्षा घेतली, देव सोडले, ज्योतिषी सोडला, रास आणि नक्षत्र सोडलं, पण पाळण्याशी वाकलेल्या आत्याच्या पाठीत कुर्रर्र करत धपाटे घालायचं काही सोडलं नाही. त्रिशरण-पंचशील होतं आणि लगेच धपाटे सुरू होतात. माझं स्वतःचं लग्न झालं नाही, मूल नाही. भावाला उशिरा झालेली ही एकच मुलगी. तिच्यासाठी नाव मी कितीतरी आधी काढून ठेवलं होतं. बुद्धाच्या काळातल्या एका भिक्खुणीचं, जी कुणाची भीडभाड न ठेवता बोलायची. ते नाव मी मनात इतक्या वेळा घोळवलं होतं, की ती पोर मला ओळखीचीच वाटत होती.

माझं नाव वडिलांनी ठेवलं. ते फुलंब्रीजवळच्या एका गावात प्राथमिक शिक्षक होते. एका सम्राटाची लेक धम्म घेऊन समुद्रापार गेली, तिचं नाव त्यांनी मला दिलं. शाळेत बाईंनी पहिल्यांदा हजेरी घेतली तेव्हा माझ्या नावाशी थांबून त्यांनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि "अच्छा, तुमच्यातलं आहे होय," असं म्हणून पुढचं नाव घेतलं. मी घरी येऊन रडले. वडील म्हणाले, "त्यांना कळलं ना कुणाचं नाव आहे ते? मग झालं तर." तेव्हापासून माझं नाव मी छाती काढून सांगते. या शहरात नाव ही हलकी गोष्ट नाही. विद्यापीठाच्या एका नावासाठी आमच्या माणसांची घरं जळाली. वडील त्या मोर्चांना जायचे आणि आल्यावर पायाला तेल लावत आम्हाला सगळं सांगायचे. आणि त्यांच्या नातीचं नाव मायरा.

मी अर्थ शोधायला बसले, कारण मराठीच्या शिक्षिकेला दुसरं काय येतं. फोनवर एकानं लिहिलं होतं, मायरा म्हणजे प्रिय. दुसऱ्यानं लिहिलं होतं, प्रशंसनीय. तिसऱ्याच्या मते हा कुठल्यातरी परदेशी झाडाचा सुगंधी डिंक. एकानं तर संस्कृत, अरबी आणि लॅटिन अशी तिन्ही मुळं एकाच ओळीत दिली होती. तिन्ही मुळं असलेलं झाड मी पाहिलेलं नाही. शेवटी शाळेसमोरच्या मारवाडी दुकानदाराला विचारलं, तर तो खो खो हसत सुटला. म्हणाला, "मॅडम, आमच्यात मायरा म्हणजे भाच्याच्या लग्नात मामानं आणायचा आहेर." माझ्या सहावीच्या वर्गात त्या वर्षी दोन मायरा होत्या. शिवाय एक कियारा, एक समायरा आणि एक अनायरा. हजेरी घेताना वाटायचं, एकच मुलगी पुन्हा पुन्हा हात वर करतेय. कुठल्या गावाची, कुणाची लेक, घरात काय बोलतात, काही म्हणजे काही कळत नाही.

आणि नेमकं तेच भावाला हवं होतं.

रविवारी मी सकाळीच गारखेड्याला त्याच्या घरी पोचले. पाहुणे दुपारी यायचे होते. भावजय बाळंतपणाला वैजापूरला माहेरी गेली होती, ती आदल्याच आठवड्यात परत आली होती. ती स्वयंपाकघरात होती. आई हॉलमध्ये खाली सतरंजीवर बसून पाळण्याला बांधायच्या झेंडूच्या माळा ओवत होती. वडील गेल्यापासून आई भावाकडेच असते. मी चपला काढल्या आणि पाणीही न पिता भांडायला सुरुवात केली.

"तुला लाज वाटते का आपल्या नावांची?" मी विचारलं.

"लाज नाही वाटत," भाऊ म्हणाला. तो स्टुलावर चढून भिंतीला रंगीत पताका चिकटवत होता आणि खाली उतरला नाही. "कंटाळा आलाय. ताई, हे घर घ्यायच्या आधी मी याच भागात भाड्यानं घर शोधत होतो, आठवतं? एका घरमालकानं चावी हातात दिली होती. मग नाव विचारलं. मी सांगितलं. तो म्हणाला, पूर्ण नाव सांगा. सांगितलं. तर म्हणे, अहो आमच्या मिसेसच्या बहिणीला जागा द्यायचं ठरलंय, मला आत्ताच आठवलं. चावी परत घेतली. माझ्या हातातून घेतली."

ही गोष्ट त्यानं मला कधी सांगितली नव्हती. आईलाही नसावी, कारण तिची सुई थांबली. पण मी रागात होते आणि रागात माणसाला समोरच्याचं दुःखसुद्धा खोडून काढायचा मुद्दाच वाटतं.

"मग त्या माणसाला घाबरून पोरीचं नाव ठेवायचं? त्याच्या मिसेसच्या बहिणीला विचारून ठेव मग. आणि आडनावाचं काय करशील? तेही मायरा करून घे."

"आडनाव नंतर येतं. निदान पहिल्या वाक्यात तरी कुणी तिला मोजायला नको." तो आता खाली उतरला. "तुझं नाव ऐकलं की पुढच्याला लगेच कळतं."

"कळू दे की."

"तुला चालतं. तू भांडतेस. आयुष्यभर भांडत आलीस, शाळेत, बँकेत, रिक्षात. माझ्या पोरीला भांडता नाही आलं तर? ती गरीब स्वभावाची निघाली तर?"

माझा आवाज चढला. मी वडिलांना मधे आणलं. मी म्हणाले, वडील असते तर त्यांनी हे नाव उंबऱ्याच्या आत येऊ दिलं नसतं. गावानं आपल्या माणसांना माणूस समजलं नाही म्हणून नावं कसली असायची, तर धोंडा, कचरू, उकिर्डा. आईचंच नाव काय होतं? धोंडाबाई. वडिलांनी भर मांडवात सांगितलं, धोंडा हे माणसाचं नाव नाही, आणि बुद्धाला वाढवणाऱ्या मावशीचं नाव आईला दिलं. ही गोष्ट आम्ही दोघं लहानपणापासून ऐकत आलो होतो. वडील ती शिवाजीच्या गोष्टीसारखी सांगायचे. "त्या माणसाच्या नातीला तू औषधाच्या बाटलीचं नाव देतोस," मी म्हणाले.

"धोंडा नाव गावानं नव्हतं ठेवलं," आई म्हणाली.

ती इतक्या हळू बोलली की भावानं विचारलं, "काय?"

"गावाला काय पडलंय. माझ्या आईनं ठेवलं. माझ्या आधीची दोन गेली व्हती तिची. दोघांची नावं गोड ठेवली व्हती. मग तिला वाटलं, गोड नाव ठिवलं की नेतंय कुणीतरी. धोंडा कोण उचलून नेतंय? म्हणून धोंडा. आन मी जगले." तिनं माळेला गाठ मारली. "तुम्ही दोघं ते नाव शिवीवानी घेता. तुमचा बाप बी तसंच घ्यायचा."

मी म्हणाले, "पण आई, वडिलांनी चांगलंच केलं ना?"

"चांगलं केलं. सगळेच म्हणत्यात. पर मला इचारलं व्हतं का?" आई चिडली की तोंडावर दिसत नाही, फक्त बोलणं तुटक होतं. "वरीसभर मला त्या नावानं हाक मारली तर मी वळून बी बघायची नाय. मला वाटायचं दुसऱ्या कुणाला हाक मारायलेत. सासू म्हणायची, बहिरी पोर गळ्यात मारली. मग माझी आई भेटाया आली. दारातनंच तिनं हाक मारली, धोंडा म्हणून. तर तुमचा बाप तिला म्हणला, मामी, ते नाव आता घ्यायचं नाय. चांगल्या बोलीनंच म्हणला, वरडला नाय. पर ती लई खजील झाली. आन नवं नाव तिच्या जिभेवर बसंना. त्याच्यानंतर तिनं मला नावानं हाकच मारली नाय. बाई म्हणायची, ए बाई, इकडं ये बाई. मरंपर्यंत."

आई उठून माळा पाळण्याला बांधायला लागली. मला वडिलांचा राग आला. आयुष्यात पहिल्यांदा, आणि असा, की त्यांचा भिंतीवरचा फोटो मला नकोसा झाला. त्यांनी ज्या गोष्टीसाठी जन्म घालवला ती खरी होती, आजही मी तिच्यासाठी कुणाशीही भांडेन. पण इतक्या वर्षांत त्यांनी ती मांडवाची गोष्ट आईच्या समोर बसून सांगितली, टाळ्या घेतल्या, आणि एकदाही तिच्याकडे वळून विचारलं नाही की तुला कसं वाटलं होतं गं. आम्हीही विचारलं नाही. आम्हाला वाटायचं ती लाजून गप्प बसते.

"आता तुमचं दोघांचं चाललंय," आई पाठमोरीच म्हणाली. "एक म्हणतं माझा मान, एक म्हणतं माझी पोरगी. जिच्या पोटातनं आली, तिला इचारलं का?"

भाऊ पटकन म्हणाला, "तिला माहीत आहे. तिला आवडलंय." मग स्वयंपाकघराच्या दिशेनं, "आवडलंय ना गं?"

भावजय दारात आली. खांद्यावर बाळ झोपलेलं, एका हातात खोबऱ्याची वाटी. इतका वेळ आमचं सगळं भांडण तिनं आतून ऐकलं होतं. आमच्या घरात येऊन तिला सहा वर्षं झाली, मी तिला कधी मोठ्यानं बोलताना ऐकलेलं नाही. ती शिकलेली आहे, लग्नाआधी वैजापूरच्या मार्केट यार्डात एका कांद्याच्या व्यापाऱ्याकडे हिशेब बघायची, पण आमच्या घरात मोठ्यानं बोलायची जागा मी आणि भावानं आधीच भरून टाकलेली होती.

"तुझ्या मनात कुठलं नाव होतं?" मी विचारलं.

ती गोंधळली. खरंच विचार करत असावी, कारण तिच्या कपाळाला आठी पडली. मग म्हणाली, "नव्हतं ताई. मला कुणी विचारील असं वाटलं नव्हतं, म्हणून मी काही ठरवलंच नाही."

नऊ महिने पोटात आणि नंतर अडीच महिने मांडीवर, आणि बाईनं मनातल्या मनात एक नाव घेऊन पाहिलं नाही. तिला इच्छा नव्हती असं नव्हतं. इच्छा धरून उपयोग नसतो, एवढंच तिला माहीत होतं. मला तिला गदागदा हलवावंसं वाटलं, आणि भावाला, आणि मला स्वतःला.

"मग आता ठरव," मी म्हणाले. "पाहुणे थांबतील. आजचं राहिलं तर राहू दे. तुला वाटेल ते, आम्ही कुणी काही बोलणार नाही." माझा आवाज वर्गातला होता. अशा आवाजात विचारल्यावर पोरी काय उत्तर देतात ते मला चांगलं माहीत आहे.

तिनं माझ्याकडे पाहिलं, मग भावाकडे पाहिलं. भाऊ उगीच पताकेची चिकटपट्टी दाबत होता.

"मायरा चांगलं आहे," ती म्हणाली.

भावाचा चेहरा उजळला. मी तिला दोनदा विचारलं, नक्की ना, आणि ती दोन्ही वेळा हो म्हणाली. पण तिला ते नाव खरंच आवडलं होतं, की नवऱ्याचं मन मोडायचं नव्हतं, की नणंद एकदाची गप्प व्हावी एवढंच हवं होतं, ते मला तेव्हा कळलं नाही आणि आजही कळलेलं नाही. तिलाही कळलं असेल असं वाटत नाही. माझा सगळा राग आता त्याच एका गोष्टीवर येऊन बसलाय. बाईनं हो म्हटलं तर ते हो कुठून आलं, हे तिचं तिलासुद्धा सांगता येऊ नये.

दुपारी पाहुणे आले. वंदना झाली. बायका माझ्यामागे दाटीनं उभ्या राहिल्या, कुणीतरी हसत म्हणालं, आत्याबाई, लवकर वाका, धपाटे तयार आहेत. मी पाळण्याशी वाकले. बाळ जागं होतं आणि माझ्या चष्म्याकडे बघत होतं. पाठीवर धपाटे पडायला लागले, कुर्रर्र सुरू झालं, त्या गलक्यात कुणाला काही ऐकू येणार नव्हतं. मी तिच्या कानात मायरा म्हणाले, तीनदा, नियमाप्रमाणे. मग तोंड आणखी जवळ नेऊन म्हणाले, "हे तुझ्या बापानं ठेवलंय आणि मी सांगतेय. मोठी झालीस आणि नाही आवडलं तर टाकून दे. आणि टाकताना आमच्यापैकी कुणालाही विचारू नकोस."