कौसल्याकाकू आणि जीपमधला आरसा

कौसल्याकाकू त्या आरशासमोर एकदाच बसल्या, आणि त्या वेळी मी नेमकी त्यांच्या मागच्या सीटवर होते! अजूनही हे सांगताना मला धीर धरवत नाही. पण आधी काकू कोण ते सांगते, नाहीतर मजा जाईल.

घनसावंगीत त्या आमच्या शेजारी राहायच्या आणि गावभरच्या बायकांचे ब्लाउज शिवायच्या. जीभ कात्रीपेक्षा तेज. पण स्वतःसाठी काही मागायची वेळ आली की ही बाई मुकी. नवी साडी नको, माहेरी दोन दिवस जास्त नको. कारण विचारलं तर म्हणायच्या, "ज्याला आवतनच नव्हतं, त्यानं पंगतीत दुसऱ्यांदा भाजी मागू न्हाई, बाई."

हे सगळं त्यांच्या लग्नामुळे. १९८४ साली मच्छिंद्रकाका, म्हणजे पुढे काकूंचे यजमान झाले ते, आपल्या वडिलांबरोबर आष्टीला धर्मराज नावाच्या माणसाची मुलगी पाहायला गेले. काकूंचं माहेरही आष्टीच, आणि त्याच दिवशी कौसल्याकाकूंना पाहायला परतूरहून पाहुणे यायचे होते. त्यांना घ्यायला काकूंचे मामा, पुंजाराम, स्टँडवर उभे. कोऱ्या टोप्या घातलेले बापलेक दिसले आणि मामांनी तेच पाहुणे समजून त्यांना हात धरून घरी आणलं. आमच्याकडे पाहुण्याला आधी पाणी, मग पोहे, आणि मग नाव-गाव. आल्याआल्या चौकशी करणं म्हणजे उद्धटपणा. नाव विचारेपर्यंत पोहे संपले होते, मुलगी दाखवून झाली होती आणि पसंतही पडली होती! सोयरीकही जुळणारी निघाली. परतूरचे पाहुणे ताटकळून परत गेले.

मामांना लोक तेव्हापासून चिडवायचे, "आज कोणाचा जावई उचलला?" काकूही हसायच्या. पण एकदा मशीनवर बसल्या बसल्या मला म्हणाल्या, "त्यांच्या नशिबात दुसरी होती गं. मीच आडवी आले." मला फार वाईट वाटलं.

मग १९९९ मध्ये तो आरसा आला. काका घनसावंगी ते आष्टी जीप चालवायचे. ड्रायव्हरसमोरचा आरसा तडकला म्हणून त्यांनी जालन्याच्या भंगार बाजारातून जुना आणून बसवला. आणि काय सांगू तुम्हाला! शेजारच्या सीटवर बसून त्यात पाहिलं की मागचा रस्ता दिसायचाच नाही. आपलं न झालेलं आयुष्य दिसायचं! जिथे वाट फुटली तो क्षण आधी दिसायचा. त्या क्षणी खरं जे घडलं ते सोडून दुसरंच त्यात घडायचं, आणि मग त्याचं पुढे काय झालं असतं तेही. गल्लीतल्या तातेरावांनी पाहिलं की निवडणुकीचा अर्ज वेळेत भरलाय आणि गळ्यात हार पडलाय. पुढे आठवडाभर ते सरपंचाच्या थाटात चालत होते. सोनूबाईंनी शाळा न सोडलेली स्वतःला पाहिली, नर्सच्या पांढऱ्या साडीत, आणि दुसऱ्याच दिवशी घरी बसवलेल्या लेकीचं नाव पुन्हा शाळेत घातलं. पुढच्या सीटसाठी हाणामारी व्हायची बाकी होती. नेहमी तासभर न भरणारी जीप आता चुटकीसरशी भरायची.

फक्त काकूंना तिथे बसायची बंदी. काका म्हणायचे, "तू मागं बस. समोर इंजनची गरमी लागती." आम्हाला वाटायचं, बायकोची किती काळजी!

काकूंच्या भाच्याचं लग्न आष्टीला होतं. त्या दिवशी काकूंनी पिशवी माझ्या मांडीवर टाकली आणि सरळ पुढे जाऊन बसल्या.

"उतर," काका म्हणाले.

"न्हाई. मी आडवी आले नसते तर काय झालं असतं, ते एकदाचं पाहू द्या."

भरलेल्या जीपमधून बायकोला कोण उतरवणार? काकांनी निमूटपणे गाडी चालू केली. कुंभार पिंपळगाव मागे पडलं तशी काकूंनी मान वर केली.

"आष्टीचा स्टँड दिसून राह्यला! मामा हायेत. तुम्ही हायेत. अगं माय, किती बारीक होते हो तुम्ही!"

जीपभर हशा. आम्ही सगळे पुढे झुकलो.

"सासरे मागं टपरीवर तंबाखू घेऊन राह्यले. मामा तुमचा हात धरून म्हणतात, 'चला, अप्पारावकडं सगळे वाट पाहून राह्यले.' अन् तुम्ही म्हणता..."

अप्पाराव म्हणजे काकूंचे वडील. काकूंचा आवाज एकदम उतरला.

"तुम्ही म्हणता, 'आम्ही अप्पारावचे पाहुणे न्हाई. आम्हाला धर्मराजकडं जायचंय.'"

माझ्या एकदम लक्षात आलं. आरशात काका बोलले होते, म्हणजे खऱ्या स्टँडवर ते गप्प राहिले होते. मामांनी नाव घेतलं होतं आणि काकांनी ते ऐकलं होतं!

"गाडी थांबवा!"

काकांनी असा ब्रेक मारला की आम्ही सगळे एकमेकांवर आदळलो.

"तुम्हाला ठाऊक होतं?"

"होतं." काका रस्त्याकडेच बघत होते.

"मंग बोलले का न्हाई?"

"तू मामाच्या मागं हापशावर बादली भरून राह्यली होती. मामानं हाक मारली, 'कौसल्ये, चल जल्दी, पाहुणे आले.' तू वळून पाहिलं. मला वाटलं, बोललो तर संपलं."

"अन् पंधरा वर्षं सांगितलं न्हाई?"

"धर्मराजची पोरगी दिवसभर नटून बसल्ती. बापाला कळलं असतं तर जोड्यानं हाणलं असतं. बाप गेल्यावर सांगणार होतो. मंग लाज वाटली."

काकूंनी माझ्या मांडीवरची पिशवी ओढली आणि तिनेच काकांना दोन हाणल्या. हसत होत्या, डोळ्यांतून धारा लागल्या होत्या. मी तर आनंदानं ओरडलेच. मागून कोणीतरी विचारलं, "पुढचं काय दिसून राह्यलं, काकू?"

"पुढचं मेलं कोण बघतंय!" काकू म्हणाल्या आणि त्यांनी आरसा काचेकडे फिरवून टाकला.

आष्टीला मांडवाच्या तोंडाशीच पुंजाराममामा पाहुण्यांना गंध लावत उभे होते. थकले होते बिचारे. काकूंनी मच्छिंद्रकाकांना मनगटाला धरून सगळ्या सोयऱ्यांच्या देखत त्यांच्यासमोर उभं केलं. काका कानापर्यंत लाल.

"मामा," काकू म्हणाल्या, "ह्यांना तुम्ही आणलंच न्हाई. हे सोताहून आल्ते. माझ्यासाठी."