संकेश्वर सात नंबर

बुरशी दिसली की तोंड वाकडं करणारी माणसं जगात सगळीकडे असतात. बुरशी दिसली की तिला 'या, बसा' म्हणणारा माणूस मात्र मी उभ्या आयुष्यात एकच पाहिला, आणि तो नेमका आमच्या आत्याच्या नशिबी आला. आत्याचे यजमान म्हणून आम्ही त्यांना मामा म्हणत असू. आमच्या भागात आत्याच्या नवऱ्याला मामाच म्हणतात. पुण्याच्या लोकांना हे समजावून सांगण्यात माझी निम्मी उमर गेली, म्हणून इथं पुन्हा समजावत बसत नाही. मामा बेळगावातल्या एका कॉलेजात वनस्पतिशास्त्राचे डेमॉन्स्ट्रेटर होते. प्राध्यापकांनी वर्गात 'हे असं असतं' म्हणून सांगायचं आणि मामांनी प्रयोगशाळेत ते खरंच तसं आहे हे दाखवायचं. आयुष्यभर दुसऱ्याचं म्हणणं खरं करून दाखवल्यावर आपलंही एखादं म्हणणं असावं, अशी माणसाला ओढ लागतेच. मामांचं म्हणणं बुरशीच्या रूपानं आलं. बुरशी जंतूंशी भांडताना जे सोडते त्यातून औषध निघतं, आणि आपल्या मुलखातल्या बुरशीतूनही एक निघणार, असं ते म्हणणं होतं.

त्यांचं मूळ घर निपाणीचं. वडील आणि आजोबा तंबाखूच्या वखारीत हमाली करत. पावसाळ्यात मालाला ओल लागली की पानावर बुरशी धरायची, आणि पाऊस पाडल्याचा गुन्हा हमालांनीच केल्यासारखी बोलणी त्यांना खावी लागायची. "आमच्या दोन पिढ्या बुरशी झटकण्यात गेल्या," मामा सांगत, "तिसरीनं पाळली. ह्येला म्हणत्यात घराणं सुधारणं." शिकून नोकरीला लागलेल्या त्या घरातल्या पहिल्या माणसानं पहिल्या पगारात काय आणलं असेल? आत्या सांगते, एक भिंग आणलं. तिला लुगडं दुसऱ्या पगारात मिळालं, तेही आणल्याबरोबर मामांनी त्यावरचा एक डाग भिंगातून पाहून घेतला.

बेळगावच्या खासबागेत त्यांचं दोन खोल्यांचं बिऱ्हाड होतं. गल्लीत दिवसभर विणकरांच्या मागांचा खडखडाट आणि घरात शिळ्या भाकरीचा, अर्ध्या कापलेल्या बटाट्यांचा, सुकल्या लिंबांचा मुक्काम. सगळ्यांवर हिरवी, काळी, पिवळी लव आलेली आणि प्रत्येकाखाली चिठ्ठी. पाव्हण्यांनी चुकून हात लावू नये म्हणून चांगल्या भाकरीखालीही आत्या 'खायाची' अशी चिठ्ठी ठेवायची. तिचा प्रेशर कुकर महिन्यातले वीस दिवस काचेच्या बशा उकडण्यात असायचा, म्हणून त्या घरात डाळ पातेल्यात शिजायची आणि बहुधा शिजायचीच नाही. बुरशी वाढवायला जेली लागते. ती मामा चायना ग्रासची करत. खडेबाजारातल्या किराणा दुकानदाराची खात्री पटलेली, की हे डेमॉन्स्ट्रेटर साहेब सकाळ-संध्याकाळ फालुदा खातात. त्याचा आदर इतका वाढला, की तो एकदा आत्याला कृती विचारायला घरी आला. आत्यानं त्याला आतली फळी दाखवली. त्यानंतर त्यानं चायना ग्रास दिला, पण हात लांब करून दिला.

"माझ्या घरात मीठ कुठं हाय ते मला ठावं न्हाई," आत्या म्हणायची, "पर बुरशी कुठं हाय ते समद्या गल्लीला ठावं हाय."

जंतू मारायचे तर आधी जंतू हवेत. त्यासाठी मामा पू गोळा करत. त्यांना माणसाचा चेहरा लक्षात राहत नसे, गळू राहायचं. खानापूरकडच्या एका लग्नात अक्षता पडायच्या आत मामा नवऱ्या मुलाच्या चुलत्यापाशी गेले, त्याच्या मानेवरच्या गळवाकडे कौतुकानं बघितलं आणि अगदी अदबीनं म्हणाले, "हे फुटाय आलंय. फुटलं की वाया घालवू नका. मला कळवा." चुलता शेतकरी, अंगानं पैलवान. मुलीकडच्यांनी मानपान सोडून भलतंच काढलं असं वाटून तो बाह्या सारू लागला, तेव्हा माझे वडील, आम्ही त्यांना आप्पा म्हणायचो, मधे पडले म्हणून लग्न लागलं. पण मामांच्या बोलण्यात अशी काही निरागस लबाडी असे, की चौथ्या दिवशी तोच चुलता बस धरून खासबागेत हजर. मामांनी कापसाच्या बोळ्यानं त्याचा पू टिपून घेतला आणि त्याला पोटभर जेवायला घातलं. त्या गळवातले जंतू पुढं कित्येक वर्षं घरात नांदत होते. त्यांना सगळे 'पाव्हण्याचे जंतू' म्हणत, आणि पाव्हणा दर दिवाळीला त्यांची खुशाली विचारायचा.

मी तेव्हा बेळगावातच एका कचेरीत कारकून होतो. रविवारी खासबागेत जेवायला जायचो आणि जेवणाच्या बदल्यात मामांबरोबर हिंडायचो. संकेश्वरच्या साखर कारखान्याजवळ उसाच्या चिपाडाचे ढीग पावसात कुजत पडायचे. तिथं मामा धोतर खोचून गुडघाभर चिखलात उतरत आणि पिशव्या भरून आणत. परतताना बसमध्ये वास सुटला की कंडक्टर कन्नडात ओरडायचा, "एन्री इदु?" म्हणजे 'काय हो हे?' मामा शांतपणे म्हणायचे, "औषध री." कंडक्टर म्हणायचा, असलं औषध घेण्यापेक्षा रोग परवडला, आणि आम्हाला मागच्या बाकावर बसवायचा.

एकदा असल्याच सातव्या पिशवीतल्या बुरशीनं चमत्कार केला. काचेच्या बशीत पाव्हण्याच्या जंतूंचा पांढुरका थर सगळीकडे पसरला होता, आणि बुरशीच्या ठिपक्याभोवती रुपयाएवढं स्वच्छ वर्तुळ. तिथं एक जंतू नाही. मामा ती बशी घेऊन थेट माझ्या कचेरीत आले आणि साहेबांसमोर माझ्या टेबलावर ठेवून म्हणाले, "बघ रं, ह्येला म्हणत्यात सीमा! दोन दिसांत आखली. मोर्चा न्हाई, कमिशन न्हाई." आमच्या कचेरीत त्या विषयावर दोन तट होते. दोन्ही तटांना राग आला, हे मामांचं आणखी एक यश.

तिचं नाव पडलं संकेश्वर सात नंबर. बुरशी गाळून राहिलेलं पाणी मामांनी आत्याच्या चहाच्या भांड्यात खळखळून उकळलं, तरी त्याचा गुण गेला नाही. कॉलेजातल्या केमिस्ट्रीच्या प्राध्यापकांनी तपासून सांगितलं, की हे पेप्टाइड दिसतंय. मामांनी मला ते असं समजावलं: "प्रथिन म्हंजे लांबलचक हार. पेप्टाइड म्हंजे त्यातलाच पंधरा-वीस मण्यांचा तुकडा. लहान हाय, पर लई चिवट. जाऊन जंतूच्या कातडीला भोकच पाडतंय." त्या दिवसापासून न्हावी, दूधवाला, भाजीवाली, कोणी म्हणजे कोणी सुटलं नाही. आणखी एक-दोन वर्षं, की गळवावर आणि सडक्या जखमेवर बेळगावचं औषध. मला तर त्यांनी बाटलीवरच्या चिठ्ठीचा मजकूर मराठीत आणि इंग्रजीत लिहायला बसवलं होतं. कन्नडासाठी शेजारच्या मास्तरांना सांगितलं होतं. दोन-तीन वर्षं गेली. 'कधी निघतंय?' असं विचारलं की मामा म्हणू लागले, "जरा एक बारीक गोष्ट राहिलीया." आम्हाला वाटायचं, चिठ्ठीचा रंग ठरत नसेल.

आत्याला साखरेचा आजार होता. नव्या चपलेनं अंगठा चावला आणि तिनं ते महिनाभर कुणाला सांगितलं नाही, कारण तिच्या मते त्या घरात जखम दाखवणं म्हणजे नमुना देणं. कळलं तेव्हा अंगठा काळा पडायला लागला होता. डॉक्टरांनी इंजेक्शनं दिली, रोज पट्ट्या बदलल्या. शेवटी ते म्हणाले, अंगठा काढावा लागेल. उशीर केला तर पाऊल जाईल. दोन दिवसांची मुदत दिली.

आप्पा गावाहून धावत आले. आत्या कॉटवर उशीवर पाय ठेवून बसली होती. तिला घाबरलेली मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिली. ती मामांना म्हणाली, "आजपातुर तुमच्या त्या सात नंबरला माझा कुकर दिला, चहाचं भांडं दिलं, तुमचं समदं रविवार दिलं. आता ते माझ्या पायाला लावा. एवढंच मागणं हाय."

जन्मभर बुरशीला शिव्या घालणारी बाई अखेर तिची भक्त झाली होती. मामा आता उडी मारून फळीकडे जाणार म्हणून मी बाजूला सरकलोसुद्धा.

मामा म्हणाले, "न्हाई."

"न्हाई म्हंजे?" आप्पांचा आवाज चढला. "दाजी, गल्लीभर सांगत हिंडलासा आन घरच्या माणसाला द्यायची येळ आली की न्हाई?"

आप्पांनी मला डोळ्यानं खूण केली. मी आत गेलो आणि फळीवरची सात नंबरची बाटली उचलली. खरं सांगतो, मला त्यात काही गैर वाटलं नाही. वळलो तर दारात मामा.

"आण ती हिकडं," ते म्हणाले. रागावले नव्हते. "आन दोन नळ्या बी आण."

कॉटसमोर स्टूल ओढून मामांनी दोन काचनळ्यांत मिठाचं पाणी घातलं. सुईनं स्वतःचं बोट टोचून दोन्हींत रक्ताचे थेंब सोडले. दोन्ही नळ्या सारख्याच गढूळ लाल झाल्या. मग एकीत त्यांनी बाटलीतलं पाणी घातलं. आम्ही सगळे बघत बसलो. मागांचा खडखडाट तेवढा चालू होता. थोड्या वेळानं एक नळी तशीच गढूळ राहिली आणि दुसरी निवळून कोकमाच्या सरबतासारखी झाली. पलीकडचं दार दिसावं इतकी.

"ह्यातलं कुठलं बरं वाटतंय?" मामांनी आत्याला विचारलं.

आत्यानं निवळलेल्या नळीवर बोट ठेवलं. "हे. कसं चकचकीत हाय."

"ते मेलंय," मामा म्हणाले. "रक्तात बारक्या बारक्या पेशी असत्यात, म्हणून ते गढूळ दिसतंय. ह्यातल्या समद्या फुटल्या. वरवर खरचटलं असतं तर येक येळ लावून बघितलं असतं. तुझी जखम हाडापातुर गेलीया, हे रक्तात उतरंल. जंतू आन तू, ह्यात त्येला फरक कळत न्हाई गं."

"तुमास्नी कवापासनं ठावं हाय?" आत्यानं विचारलं.

"तीन वर्सं झाली."

"आन तरी गल्लीभर..."

"वाटलं, हुईल दुरुस्त. त्या माळंतला एखादा मणी बदलला तर कळंल बी त्येला फरक. पर कुठला मणी, ते मला सापडंना. आन सापडला असता तरी बदलायचा कसा?" इतकी वर्षं त्या माणसाची मी मनसोक्त चेष्टा केली होती. त्या क्षणी मला माझीच लाज वाटली.

आत्यानं नळीवरचं बोट काढून घेतलं. मग पदरानं डोळे पुसून म्हणाली, "मग बसलाय काय असं? रिक्षा आणा."

अंगठा गेला, जखम भरली. आप्पा पुढचे सहा महिने मामांशी बोलले नाहीत. गल्लीनं तर पुरता सूड उगवला. औषधवाले साहेब म्हणणारे सगळे बुरशीवाले म्हणू लागले. मामा आता कोणी विचारलं की लगेच सांगून टाकत, "जंतू मारतंय, पर रक्त फोडतंय." सोयरिकीला आलेल्यांना बापानं आपणहून मुलीचं व्यंग सांगावं, तसं सांगत. एकदा मागवाल्याची बायको ओट्यावर आत्याला टोचून म्हणाली, "एवढं औषध घरात, आन तुमचा अंगठा वाचला न्हाई व्हय?" आत्या तांदूळ निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "अंगठा गेला. मी हाय न्हवं?"

त्यानंतर ती स्वतःच कुकर रिकामा करून देऊ लागली. निवृत्त झाल्यावरही मामा दर महिन्याला सात नंबर ताज्या जेलीवर काढून ठेवत, कारण तसं केलं नाही तर ती वाळते. सत्त्याऐंशी सालाच्या आसपास ते गेले. जाण्याआधी त्यांनी मला जवळ बसवून ते कसं करायचं ते दाखवलं. मी दोन महिने केलं. तिसऱ्या महिन्यात कचेरीचं ऑडिट निघालं, चौथ्या महिन्यात आठवण झाली तेव्हा नळीत पिवळी भुकटी उरली होती. चिपाडाच्या ढिगांत पुन्हा जाऊन पिशव्या भरून आणल्या, पण त्यातली सात नंबर कुठली तेच मला ओळखता येईना.

हल्ली वाचतो, की असल्या पेप्टाइडमधला मणी बदलून रक्ताला धक्का न लागता जंतू मारायची खटपट मोठमोठ्या प्रयोगशाळांत चालली आहे. मामांची सात नंबर जिवंत असती तर कोणाला तरी नेऊन देता आली असती. ती माझ्या हातून गेली.

नळीत भुकटी दिसली त्याच दिवशी ती वाळलेली नळी मी आत्यासमोर धरली होती. तिनं हातात घेतली, उजेडात फिरवून बघितली.

"तुला न्हाई व्हय जमलं?"

"न्हाई, आत्या."

"असू दे," ती म्हणाली. "रडू नगंस. जेवून जा."